मिटलेला उजवा पंख

मी एक जुना नाकतोडा आहे. किती जुना ते विचारू नका. ज्या मुलीनं मला पकडलं तिचे केस आता पिकायला लागलेत, यावरून काय तो अंदाज बांधा. माझ्या छातीतून एक बारीक टाचणी आरपार गेली आहे, आणि काचेचं झाकण असलेल्या एका लाकडी पेटीत, बुचाच्या तळावर मी उभा आहे. मित्रांनो, लगेच चुकचुकू नका. टाचणीचं आता काही वाटत नाही. माझं खरं दुखणं रंगाचं आहे. त्या दुखण्यापायी एकदा केवढा अनर्थ व्हायची वेळ आली होती, तेच तुम्हाला सांगायचं आहे.

आधी नावाचं मिटवून टाकू. नाकतोडा म्हणे! मी जन्मात कुणाचं नाक तोडलेलं नाही. तोडलं ते गवत, आणि तेही माळावरचं, जाडंभरडं, ज्याला शेळीसुद्धा विचार करून तोंड लावते. पिकात मी कधी पाय टाकला नाही. आम्ही आपापले, एकेकटे राहणारे. आमचा एक चुलतभाऊ आहे, त्याची गोष्ट निराळी. तो आमच्याएवढाच, आमच्यासारखाच मातकट, पण त्याला एकटं करमत नाही. तो जमाव करतो, आणि जमाव जमला की पिकात उतरतो. मग मागे नुसत्या काड्या उरतात. त्याला लोक टोळ म्हणतात. आम्हा दोघांना शेजारी शेजारी बसवलं असतं तर माझी आईसुद्धा चुकली असती. अर्थात आई मला कधी भेटलीच नाही. मातीत अंडी घालून ती गेली ती गेलीच.

आमची ओळखायची खूण एकच, आणि ती झाकलेली असते. वरचे पंख दोघांचेही वाळल्या गवताच्या रंगाचे. त्यांच्याखाली हातपंख्यासारखी घडी घातलेले दुसरे पंख असतात. त्यांच्यावरचा काळा पट्टासुद्धा दोघांना सारखाच. फरक आहे तो पट्ट्याच्या आतल्या रंगात. टोळाचा पिवळा. माझा लाल. साधासुधा नव्हे, अगदी लालभडक!

त्या लाल रंगावर मी माझं सगळं आयुष्य काढलं. पाखरू मागे लागलं की मी टुणकन उडायचो आणि लाल पंख उघडायचो. पाखरू लाल रंगाच्या मागे धावायचं. मग मी अचानक पंख मिटून गवतात बसायचो, की लाल गायब! ते बिचारं लाल शोधत भिरभिरायचं आणि मी त्याच्या चोचीखाली मातीच्या ढेकळासारखा गप्प बसलेला असायचो. कितीदा तरी हसू आवरलं आहे मी.

मला पकडलं ते मात्र चिमणीनंच, फक्त ती बिनपंखांची होती. माळाच्या कडेला एक मास्तर राहायचे. शाळेत विज्ञान शिकवायचे आणि सुट्टीच्या दिवशी जाळी घेऊन किडे गोळा करत हिंडायचे. त्यांची सात-आठ वर्षांची मुलगी त्यांच्यामागे असायची. तिला ते ‘चिमणे’ अशी हाक मारायचे. आमच्यात चिमणी म्हणजे साक्षात काळ, त्यामुळे ती हाक ऐकली की मी गवताच्या मुळाशी दडायचो. ही पोरगी पाखरांपेक्षा हुशार निघाली. मी उडालो, लाल दाखवलं, मिटलं, बसलो. ती लाल शोधायला धावलीच नाही. लाल जिथं विझलं होतं तिथं येऊन ती गुडघ्यांवर बसली आणि गवताची काडी न् काडी बघत राहिली. अखेर माझ्यावर दोन तळहातांची ओंजळ पडली.

“बाबा, लाल! लाल आहे ह्याचं आतून!”

“हळू, चिमणे. पाय निखळेल त्याचा.”

पुढचं थोडक्यात सांगतो. औषधाचा बोळा ठेवलेली एक बाटली होती, आणि त्या बाटलीत माझं हिंडणं-फिरणं संपलं. चिमणी रडली. मास्तरांनी तिला खोटं काही सांगितलं नाही, हा त्यांचा मोठेपणा. ती म्हणाली, “मेला ना हा? मग आता ह्याचा लाल रंगपण मरणार.”

“रंग नाही मरायचा,” मास्तर म्हणाले. “नीट ठेवला तर तुझे केस पांढरे होतील तोवर हा लालच राहील. माझा शब्द.”

मग त्यांनी मला फळीवर घेतलं. टाचणी मारली, डावीकडचे दोन्ही पंख उघडून कागदाच्या पट्ट्यांनी ताणून बसवले, आणि उजवे पंख तसेच मिटलेले ठेवले. चिमणीनं विचारलं की हे असं अर्धवट का. ते म्हणाले, “उघडी बाजू रंग बघायला, आणि मिटलेली बाजू हा बसायचा कसा ते कळायला. शिवाय पेटीत जागा कमी लागते.” माझ्या शेजारी त्यांनी तसाच एक टोळ लावला. दोघांखाली नखाएवढ्या चिठ्ठ्या टोचल्या. त्यावर आमची लांबलचक शास्त्रीय नावं, आणि त्याच्याखाली ‘पिकाचा शत्रू’, माझ्याखाली ‘निरुपद्रवी’.

“रंग नाही लिहिला, बाबा?”

“तो काय लिहायचा? ढळढळीत दिसतोय की!”

मास्तर हुशार होते, मायाळू होते, पण तिथं चुकले. दिसतंय ते कायम दिसत राहील असं त्यांना वाटलं.

पुढे मास्तर थकले आणि त्यांनी त्यांच्या सगळ्या पेट्या पीक संरक्षणाच्या कचेरीला देऊन टाकल्या. तिथल्या मोठ्या साहेबांना माझी पेटी भारी आवडली. ते म्हणाले, “एवढी सुंदर चीज कपाटात कशाला कोंडायची?” झालं, पाहुण्यांच्या खोलीत, खिडकीच्या बरोब्बर समोर, मला भिंतीवर टांगलं. मित्रांनो, खोटं कशाला बोलू, मी फुशारलो. येणारा प्रत्येक जण काचेला नाक लावायचा. “अबब, काय लाल आहे!” हे ऐकायची मला चटक लागली. त्या खिडकीतून रोज दुपारी ऊन यायचं आणि थेट माझ्या उघड्या पंखावर पडायचं. मला वाटायचं, बरंच आहे, रंग आणखी खुलून दिसतो.

रंग उडताना कळत नाही. मला ते लोकांच्या बोलण्यावरून कळलं. आधी म्हणायचे, “काय लाल आहे!” मग म्हणायला लागले, “छान आहे.” मग, “जुनं दिसतंय.” मग कुणी काही म्हणेचना. एके दिवशी माझ्या जागी कॅलेंडर आलं आणि मला कपाटाच्या माथ्यावर, फुटक्या छत्रीशेजारी टाकलं. तिथं पेटीच्या फटीतून बारीक किडे शिरले. त्यांनी शेजारचा टोळ पोखरून पोखरून फस्त केला. उरली त्याची टाचणी, चिठ्ठी आणि चिमूटभर भुसा. माझ्या अंगात मास्तरांनी कापूस भरला होता, बहुतेक म्हणून मी वाचलो. रात्रंदिवस कुरकुर ऐकत मी तिथं पडून होतो, आणि पुढचा नंबर आपलाच, अशी माझी खात्री झाली होती.

मग मॅडम आल्या. संग्रहाची जबाबदारी त्यांच्याकडे आली तेव्हा त्यांनी मला खाली काढलं, कुंचल्यानं झटकलं, डांबराच्या गोळ्या ठेवल्या आणि खणात, अंधारात नीट लावलं. माझ्या डाव्या पंखाकडे बघून त्या म्हणाल्या, “काय रे, तुला कुणी धुऊन काढलं की काय?” बाई मोठ्या मायेच्या, पण त्यांनी मला लाल असं कधी पाहिलंच नव्हतं. त्यांच्या लेखी मी आधीपासूनच मळकट पिवळा. हे लक्षात ठेवा, कारण पुढचा सगळा घोळ इथूनच झाला.

त्या दिवशी सकाळी खण एवढ्या जोरात ओढला गेला की मी टाचणीवर गरकन फिरलो. पेटी टेबलावर आली. मला पाच डोळे आहेत, पाचही वाळलेले, पण त्या दिवशी जेवढं दिसलं तेवढं कधी दिसलं नसेल. अंगणात कसलंतरी इंजिन धडधडत होतं. खोलीत औषधाचा उग्र वास भरला होता. फवारणीचे साहेब समोर उभे होते. तरुण माणूस, दाढी वाढलेली, डोळे तारवटलेले. त्यांनी हातातली काचेची बरणी माझ्याशेजारी ठेवली.

बरणीत एक नाकतोडा होता. जिवंत! माझ्याच कुळातला, माझ्याच माळावरचा. किती वर्षांनी आपलं माणूस दिसलं म्हणून सांगू! तो काचेवर पाय घासत होता आणि माझ्याकडे बघत होता. मला ओळखलं असेल असं वाटत नाही.

“मॅडम, हा टोळ आहे की साधा नाकतोडा, एवढंच सांगा,” साहेब म्हणाले. “माळ भरलाय नुसता यांनी. पलीकडे पीक दाण्यावर आलंय. टोळ असेल तर वारा सुटायच्या आत मला औषध मारायचंय. गाडी तयार आहे.”

यंदा माळावर गवत उदंड झालं होतं, म्हणून आमची पोरंबाळंही उदंड झाली होती. पण ते साहेबांना कोण सांगणार? वरून दिसायला आम्ही आणि टोळ एकच.

एवढ्यात दार धाडकन उघडलं आणि एक बाई आत आल्या. चपला धुळीनं भरलेल्या, पदर खोचलेला, कानशिलांवरचे केस पांढरे. मी त्यांना ओळखलं नाही. त्या आल्या आल्या साहेबांवर घसरल्या.

“माझ्या मधमाश्यांच्या पेट्या माळाच्या कडेला आहेत, माहितीये तुम्हाला? सगळ्या माश्या सकाळीच फुलांवर गेल्यात. तुम्ही आता औषध मारणार, तर त्यांना आत कशा बोलवू मी? शिट्टी मारून?”

“ताई, काल संध्याकाळी तर कळलं आम्हाला. तुम्हाला निरोप पाठवायला हवा होता, मान्य.”

“मान्य करून माश्या जगणार आहेत का? आणि तो टोळ नाहीच मुळी. लहानपणापासून बघतेय मी त्यांना. ते एकटे राहतात, पिकाला तोंड लावत नाहीत. माझ्या बाबांनी...” बोलता बोलता त्यांची नजर टेबलावर गेली आणि त्या थांबल्या. हळूच जवळ आल्या. “अगं बाई! ही बाबांची पेटी.”

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. ही चिमणी होती!

मॅडमनी बरणीतला नाकतोडा अलगद चिमटीत धरला आणि त्याचा पंख उघडला. काळा पट्टा, आणि आत लालभडक रंग. मग तिघांनी माझ्याकडे पाहिलं. काळा पट्टा, आणि आत मळकट पिवळा. शेजारी टोळाच्या जागी नुसती टाचणी. मॅडमनी जाडजूड पुस्तक काढलं. त्यात लिहिलं होतं की या दोघांना खालच्या पंखाच्या रंगावरून ओळखावं, सोबतचं रंगीत चित्र पाहावं. आणि चित्राचं पान कुणीतरी ब्लेडनं कापून नेलेलं! कुणाच्या तरी पोराच्या शाळेच्या तक्त्यावर ते चिकटलं असणार. मोठ्या प्रयोगशाळेला फोन लावला तर तिथले तज्ज्ञ प्रवासात होते. ते उद्या भेटणार होते.

साहेबांनी माझ्या चिठ्ठीवर बोट ठेवलं. “निरुपद्रवी म्हणून लिहिलंय तो हा. हा पिवळा. बाहेरचा लाल. म्हणजे बाहेरचा हा नव्हे. मग राहिला कोण? टोळ.”

“नाही हो!” चिमणी जवळजवळ ओरडलीच. “हा लाल होता. मी पकडलाय ह्याला, ह्या हातांनी.”

“तेव्हा तुम्ही किती वर्षांच्या होतात?”

“सात... आठ असेन.”

साहेब वाईट माणूस नव्हते, हे मला सांगितलंच पाहिजे. त्यांचा आवाज चढला नाही. “ताई, मागच्या खेपेला मी असाच खात्री करत बसलो होतो. खात्री होईस्तोवर शेतं साफ झाली. त्या माणसांसमोर मी उभा राहिलोय. एक म्हातारा मला काही बोललासुद्धा नाही, नुसता बघत राहिला. पुन्हा नाही जमायचं मला ते. तुमच्या लहानपणीच्या आठवणीवर मी गाडी कशी थांबवू?”

मॅडम म्हणाल्या, “रंग उडतो, साहेब. उन्हात राहिला असेल तर लाल अगदी पिवळट पडू शकतो.”

“पडू शकतो ना? मग पिवळाही फिकट होऊ शकतो. हा आधी कुठल्या रंगाचा होता, ते सांगा. छातीठोक सांगा, मी आत्ता गाडी बंद करतो.”

मॅडमनी पुस्तक पुन्हा चाळलं. छातीठोक कशाच्या जोरावर सांगणार? बाहेरून ड्रायव्हर ओरडला, “साहेब, निघायचं का? वारा पडलाय तोवर मारून घेऊ!”

“दोन मिनिटं!” साहेबांनी खिडकीतून हात केला.

चिमणी माझ्यावर वाकली. तिचा श्वास काचेवर उमटला. ती इतक्या हळू बोलली की ते मलाच ऐकू आलं. “लाल होतास ना रे? की मलाच तसं वाटत होतं?”

मित्रांनो, त्या क्षणी मला काय वाटलं ते कसं सांगू? मी आतल्या आत किंचाळत होतो. होतो गं बाई, लाल होतो! तुझ्या ओंजळीत लाल होतो! पण टाचणीवरच्या नाकतोड्याला कसला आवाज? माझा उघडा पंख माझ्याविरुद्ध साक्ष देत होता आणि मला त्याला गप्प करता येत नव्हतं. ज्या पंखाचं मी भिंतीवर कौतुक करून घेतलं, तोच आता माझा माळ जाळायला निघाला होता. माझी भावंडं मरणार, चिमणीच्या माश्या मरणार, फुलांवर बसलेलं जे जे असेल ते सगळं मरणार, आणि त्याला कारण माझी चिठ्ठी!

साहेबांनी टोपी उचलली. “मॅडम, मी निघतो.”

“थांबा.” मॅडमनी पेटीचं झाकण उघडलं होतं. मला टाचणीसकट उचलून त्यांनी दिव्याखाली धरलं आणि हळूहळू फिरवलं. डावी बाजू, पाठ, उजवी बाजू. तिथं त्या थांबल्या. “हा मिटलेला आहे,” त्या म्हणाल्या. “अरे देवा, हा मिटलेलाच आहे की! आपण सगळे एकच बाजू उघडतो. दुसरीकडे कुणी बघतच नाही. ताई, ह्या पंखाला ऊन लागलेलंच नाही. वरच्या पंखाखाली तो झाकलेला आहे, पकडला त्या दिवसापासून.”

साहेबांनी टोपी पुन्हा टेबलावर ठेवली. बाहेर इंजिन धडधडतच होतं.

“मग उघडा,” साहेब म्हणाले.

“उघडायला दिवस लागतो. ओल्या वाळूच्या डब्यात ठेवून सांधा मऊ करायचा असतो. आत्ता उघडला तर मोडेल. आणि आमच्याकडे हा एकच आहे.” मॅडमनी मला दिव्यापासून दूर घेतलं. “मोडला आणि आतही पिवळाच निघाला, तर काहीच हाती राहणार नाही. पंखही जाईल आणि माळही जाईल.”

साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं, मग चिमणीकडे. मॅडमनीही तिच्याकडेच पाहिलं. पेटी कचेरीची होती, पण त्या घटकेला ती मास्तरांचीच होती.

खरं सांगू? मलाही ठाऊक नव्हतं. माझा तो पंख मी त्या दिवसापासून उघडला नव्हता. आत काय उरलंय, कुरकुरणाऱ्या किड्यांनी तोही खाल्लाय का, उन्हाची धग आतपर्यंत पोचली होती का, देव जाणे. आपल्याच अंगाखाली काय आहे ते आपल्याला माहीत नसावं, याच्याइतकी भीती मला बाटलीत शिरतानाही वाटली नव्हती.

“बाबा म्हणाले होते, माझे केस पांढरे होतील तोवर हा लाल राहील,” चिमणी म्हणाली. तिनं कानशिलावरची बट मागे सारली. “झालेत पांढरे. उघडा.”

मॅडमनी किटलीच्या वाफेवर मला जरा वेळ धरलं, तेवढाच काय तो उपचार. मग भिंगाखाली घेतलं आणि सुईचं टोक माझ्या वरच्या उजव्या पंखाखाली सरकवलं. साहेबांनी दिवा जवळ आणला. त्यांचा हात स्थिर होता, पण ओठ घट्ट मिटलेले. मॅडमनी सुई उचलली. काही झालं नाही. आणखी जरा उचलली.

टक्!

वरचा पंख मुळापासून निखळला आणि टेबलावर पडला. चिमणीनं तोंडावर हात ठेवला. खालचा पंख घडी घातलेला, तसाच चिकटून होता. वरून दिसणारी त्याची कड तपकिरी, धुरकट.

“लाल नाही,” साहेब पुटपुटले.

“ही नुसती कड आहे. रंग आत असतो.” मॅडमनी श्वास रोखला आणि सुई घडीत घातली. पहिली घडी उलगडली. काळा पट्टा दिसला. दुसरी घडी मोडली, तिचा चुरा झाला. मला माझा पंख मोडताना ऐकू येत होता. ड्रायव्हरनं बाहेर भोंगा वाजवला. कुणी हललं नाही. मॅडमनी सुई पट्ट्याच्या आत नेली, तिसरी घडी हलकेच दाबली, आणि ती उलगडली.

लाल.

फिकट नाही, गुलाबी नाही. ज्या दिवशी गवतात विझलं होतं, त्या दिवशीचं लाल!

मॅडमनी बरणीतल्या नाकतोड्याचा पंख त्याच्याशेजारी धरला. साहेब भिंगावर वाकले. एकदा इकडे, एकदा तिकडे, पुन्हा इकडे. पट्टा तोच, रंग तोच. ते सरळ झाले, तीन ढांगांत खिडकीशी गेले आणि ओरडले, “इंजिन बंद कर! जायचं नाही आपल्याला!”

धडधड थांबली. इतकी शांतता झाली की किटलीतलं पाणी खदखदताना ऐकू यायला लागलं. साहेब खुर्चीत बसले आणि त्यांनी दोन्ही हातांनी चेहरा चोळला. “आतूनही पिवळा निघाला असता तर मी गेलो असतो,” ते म्हणाले. “उद्या तज्ज्ञांना विचारणारच आहे मी, ताई. पण आज औषध नाही.” मग खाली बघत, “तुमच्या माश्यांचं... मला वाईट वाटलं असतं हो.”

चिमणीनं ते ऐकलं की नाही कुणास ठाऊक. ती माझ्या मोडक्या पंखाकडे बघत होती आणि तिचे डोळे घळाघळा वाहत होते. “बाबांनी शब्द पाळला,” ती म्हणाली. एवढंच, पण ते दोनदा म्हणाली.

मग तिनं बरणी उचलली, खिडकीशी नेली आणि झाकण काढलं. आमचा गडी काठावर चढला, मिश्या हलवल्या आणि टुणकन उडाला. अंगणभर लाल झालं. फवारणीच्या गाडीपलीकडे तो मातीत बसला आणि दिसेनासा झाला. ड्रायव्हर जागेवरून उठून शोधायला लागला. “अरे, आत्ता तर इथं होता!” मला जुने दिवस आठवले आणि हसू आलं.

दुसऱ्या दिवशी तज्ज्ञांचा फोन आला. त्यांनीही तेच सांगितलं, लाल तो निरुपद्रवी. पीक घरात आलं, माळावरचं गवत आमच्या पोरांनी खाल्लं, आणि चिमणीनं मॅडमना मधाची बाटली आणून दिली. मॅडमनी माझ्या पंखाचे तुकडे वेचून एका चिमुकल्या काचेच्या नळीत भरले आणि तिचं बूच माझ्याच टाचणीखाली टोचलं. चिठ्ठीवर बारीक अक्षरात एक ओळ वाढवली, ‘खालचा पंख लाल.’ मास्तरांनी सोडून दिलेली ती ओळ.

मित्रांनो, आता शाळेतली मुलं मला बघायला येतात, तुमच्यासारखीच. मॅडम खण उघडतात, माझा पिवळट पंख दाखवतात, नळीतला लाल दाखवतात, आणि विचारतात की दोन्ही एकाचेच कसे. मुलं एकमेकांच्या डोक्यावरून वाकतात. कुणीतरी हमखास म्हणतं, “बाई, हे इथं कशाला लपवून ठेवलंय? भिंतीवर लावा ना!” ते ऐकलं की माझ्या पोटातला कापूससुद्धा गारठतो.

तेव्हा एकच मागणं आहे. मला बघा, मन भरेस्तोवर बघा, कौतुकही करा. मला ते अजून आवडतं. पण बघून झालं की मला उन्हात विसरू नका. काच पुसा, गोळ्या संपल्या असतील तर मॅडमना सांगा, आणि हलक्या हातानं खण लावून घ्या. पुन्हा कधी कुणी माझ्यावरून माळाचा निकाल लावायला आलं, तर उघडून दाखवायला माझ्याकडे आता मिटलेला पंख उरलेला नाही.